मदत हवी आहे : मामांचे पैसे क्रिप्टोच्या अ‍ॅपमध्ये अडकले आहेत

सप्रेम नमस्कार. डिचोलीला राहणाऱ्या माझ्या निवृत्त शिक्षक मामांना कोणीतरी टेलिग्रामवरील एका गटात सामील करून घेतले आणि तिथल्या ‘सल्लागारा’च्या सांगण्यावरून त्यांनी क्रिप्टोच्या, म्हणजे आभासी चलनाच्या, एका अ‍ॅपमध्ये ४ लाख रुपये गुंतवले. सुरुवातीला ५ हजार परत मिळाले, म्हणून त्यांचा विश्वास बसला. गळाला लावलेले आमिष ते हेच, असे आता वाटते. अ‍ॅपमध्ये सध्या ११ लाख दिसतात, परंतु ते काढण्यापूर्वी ३० टक्के कर ‘कंपनीकडे’ भरा, असा तगादा लागला आहे. २०२२ पासून अशा नफ्यावर ३० टक्के कर आहे खरा, पण तो आपण स्वतः आयकर विभागाकडे भरायचा असतो. मामा मात्र चवथीपूर्वी पैसे हाती येतील या आशेने मामीचे सोने गहाण ठेवायला निघाले आहेत.

सायबर फसवणुकीच्या तक्रारींसाठी असलेल्या १९३० या क्रमांकावर आजच तक्रार नोंदवणार आहे. मात्र पैसे तीन अनोळखी व्यक्तींच्या बँक खात्यांत गेलेले असताना यूपीआयच्या पावत्या आणि गटातील संभाषण यांखेरीज आणखी कोणते पुरावे जपून ठेवावेत? शिवाय, मामांना न दुखावता कसे थांबवावे, हे कोणी अनुभवावरून सांगू शकेल का?