सरळ रेषांच्या माथी किती खापर फोडणार?

मीमांसक

‘नकाशातल्या गमती’ या मालिकेच्या ताज्या भागात रेखांश यांनी लिहिले आहे : ‘१८८४ साली बर्लिनमध्ये चौदा देशांचे प्रतिनिधी टेबलाभोवती बसले, त्यांनी पट्टी घेऊन आफ्रिका कापली, आणि तिथली आजची प्रत्येक यादवी ही त्या पट्टीचीच देणगी आहे.’ हे वाक्य इतक्या ठिकाणी वाचून झाले आहे की आता अंगाचा तिळपापड होतो, म्हणून सविस्तर लिहितो.

बर्लिन परिषद १५ नोव्हेंबर १८८४ ते २६ फेब्रुवारी १८८५ अशी चालली. तिच्या करारनाम्यात काँगो खोऱ्यातला मुक्त व्यापार, काँगो आणि नायजर नद्यांवरची जलवाहतूक आणि किनाऱ्यावर नव्याने ताबा घेणाऱ्याने इतरांना कळवण्याचा नियम आहे. खंडाची वाटणी करणारा नकाशा त्यात नाही. बहुतेक सीमा पुढच्या दोन-तीन दशकांत दोघादोघांच्या तहांतून ठरल्या, आणि त्यातही आफ्रिकेबाहेरच्या देवघेवी शिरल्या. नामिबियाच्या ईशान्येला बोटासारखी बाहेर आलेली कॅप्रिव्ही पट्टी पाहा. १८९० च्या तहात ब्रिटनने जर्मनीला उत्तर समुद्रातले हेलिगोलँड बेट दिले, जर्मनीने झांझिबारवरचा ब्रिटनचा अधिकार मान्य केला, आणि त्याच सौद्यात झांबेझी नदी गाठण्यासाठी ही पट्टी जर्मनीच्या पदरात पडली. पुढे व्हिक्टोरिया धबधबा आडवा असल्याने त्या नदीतून समुद्रापर्यंत बोट नेता येत नाही, ही खरी गंमत आहे. ती मात्र मालिकेत आलेली नाही.

आता यादवीचे पाहू. बोत्स्वानाच्या पश्चिम सीमेचा मोठा भाग रेखावृत्तांवरून सरळ उतरतो, तरीही १९६६ पासून तिथे नियमाने निवडणुका होतात आणि २०२४ साली सत्ताधारी पक्ष मतपेटीतूनच पायउतार झाला. उलट रवांडा हे वसाहतीच्या आधीपासूनचे राज्य, त्याच्या सीमा पट्टीने आखलेल्या नाहीत, आणि १९९४ साली नरसंहार तिथेच झाला. मग पट्टीचा अपराध नेमका कोणता?

रेखांश

गमतीच्या चार ओळींवर प्रबंधाचे निकष लावल्याबद्दल आभार. पट्टी बर्लिनमध्ये फिरली की लंडन-पॅरिसमध्ये, याने अभ्यासकाला फरक पडत असेल. जनावरे घेऊन सीमेपलीकडच्या कुरणावर जाणाऱ्या सोमाली माणसाला पडत नाही. सोमालियाच्या झेंड्यावरच्या ताऱ्याला पाच टोके का आहेत, हे आपणांस ठाऊक असेलच. एक समाज ब्रिटिश सोमालीलँड, इटालियन सोमालीलँड, फ्रेंच सोमालीलँड, इथिओपियातला ओगादेन आणि केनियाचा ईशान्य भाग अशा पाच तुकड्यांत गेला, आणि ओगादेनसाठी १९७७-७८ मध्ये युद्धही झाले. बोत्स्वाना सांगताना हे गाळायचे, ही निवड सोयीची आहे.

सीमा हुकली की पिढ्यान्‌पिढ्या काय भोगावे लागते, ते बोलिव्हियाला विचारा. सुमारे ४०० किलोमीटरचा किनारा गेला आणि देश कायमचा मागे राहिला.

दर्यावर्दी

बोलिव्हियाचा समुद्र कोणी पट्टीने कापलेला नाही, तो करापायी गेला. १८७४ च्या तहात बोलिव्हियाने चिलीला शब्द दिला होता की किनाऱ्यावरच्या चिली उद्योगांवरचा कर पंचवीस वर्षे वाढवणार नाही. १८७८ मध्ये तिथल्या सोरा कंपनीवर क्विंटलमागे १० सेंताव्होंचा कर लादला, कंपनीने तो नाकारला, तिची मालमत्ता लिलावात काढण्याची तयारी झाली, आणि १४ फेब्रुवारी १८७९ रोजी चिलीचे सैन्य अंतोफागास्तात उतरले. पुढे १९०४ च्या तहावर बोलिव्हियाने स्वतः सही केली. त्यात चिलीच्या बंदरांतून मालवाहतुकीचा कायमचा हक्क मिळाला आणि आरिका ते ला पास हा लोहमार्ग चिलीने बांधून दिला. एवढे होऊनही हा देश आंतरराष्ट्रीय न्यायालयात गेला आणि १ ऑक्टोबर २०१८ रोजी १२ विरुद्ध ३ मतांनी हरला. समुद्र नसल्याने दारिद्र्य येत असेल, तर स्वित्झर्लंडने काय करावे?

वाटसरू

दर्यावर्दींनी तह वाचले आहेत. मी तीन वर्षे ला पासमध्ये नोकरी केली आहे. आमची यंत्रसामग्री आरिकाच्या वाटेने यायची. एकदा बंदरात संप झाला आणि पाच आठवडे आम्ही रिकाम्या शेडमध्ये बसून राहिलो. त्या पाच आठवड्यांत ‘कायमचा हक्क’ या शब्दांचे वजन नीट कळले. स्वित्झर्लंडची तुलना तर करूच नये. बाझेलहून ऱ्हाइन नदीतून मालाची जहाजे थेट उत्तर समुद्रात जातात, तर ला पासहून निघालेल्या ट्रकला आधी अँडीज ओलांडावा लागतो.

दर २३ मार्चला तिथे समुद्रदिन पाळतात. १८७९ च्या लढाईत पडलेल्या एदुआर्दो आबारोआच्या पुतळ्यापाशी संचलन होते आणि टिटिकाका सरोवरावरच्या नौदलाचे लोक पांढऱ्या गणवेशात चालतात. माझ्या शेजारच्या आजींनी आयुष्यात समुद्र पाहिला नव्हता, पण त्या दिवशी त्या रडल्या. हे पाहिलेल्या माणसाला १२ विरुद्ध ३ हा आकडा ऐकवू नये.

दर्यावर्दी

आजींविषयी पूर्ण आदर ठेवून विचारतो. १९०३ साली आक्रेचा प्रचंड प्रदेश ब्राझीलकडे गेला, आणि १९३२ ते १९३५ च्या युद्धानंतर चाकोचा बहुतेक भाग पराग्वेकडे गेला. क्षेत्रफळाने किनाऱ्याहून मोठे असे हे लचके आहेत. त्यांच्यासाठी वर्षातून एकदा तेवढेच अश्रू का गळत नाहीत? दुःख खरे असेल, पण त्याला दरवर्षी खतपाणी घालण्याचे काम सरकारे करतात, कारण किनाऱ्याचे नाव काढले की बाकीचे प्रश्न कोणी विचारत नाही. राहता राहिला संप. संप झाला की किनारा असलेल्या देशांचा मालही बंदरात अडकतो.

वाटसरू

त्या देशांना संप मिटवायला परक्या सरकारचे दार ठोठवावे लागत नाही. एवढा साधा फरक समजून घ्यायचा नसेल, तर आपण तह वाचत राहा.

सुक्रेनिष्ठ

वाद चालू द्या, पण एक दुरुस्ती करतो. वरचे प्रतिसाद वाचणाऱ्याला बोलिव्हियाची राजधानी ला पास आहे असेच वाटेल. राज्यघटनेनुसार राजधानी सुक्रे आहे. १८९९ च्या यादवीनंतर सरकार आणि संसद ला पासला गेली, सर्वोच्च न्यायालय सुक्रेतच राहिले. एका प्रश्नमंजुषेच्या अंतिम फेरीत मी ‘सुक्रे’ असे उत्तर दिले आणि परीक्षकांनी चूक ठरवले. मी घटनेचा दाखला दिला, तर ‘आमच्या कागदावर ला पास आहे’ असे ऐकावे लागले. तेच परीक्षक नेदरलँड्सची राजधानी मात्र अ‍ॅमस्टरडॅम मानतात, सरकार हेगमध्ये असूनही! एका देशाला घटना आणि दुसऱ्याला सरकारी कचेऱ्या, हा कुठला न्याय?

वाटसरू

मी ला पासला राजधानी म्हटलेले नाही, मी तिथे राहत होतो.

मीमांसक

आफ्रिकेवर लिहिलेल्या धाग्यात आता टिटिकाकाची जहाजे फिरू लागली आहेत. असो.

सोमालियाचे उदाहरण माझ्या विरोधात जाते, हे मान्य करतो. ते मी घ्यायला हवे होते. पण त्याचा पुढचा भाग रेखांश यांनी गाळला आहे. १९६४ मध्ये कैरोला आफ्रिकी एकता संघटनेने ठराव केला की स्वातंत्र्याच्या वेळी असलेल्या सीमांचा सर्वांनी आदर करावा. सोमालिया आणि मोरोक्को यांनी तो मानला नाही, बाकीच्यांनी मानला. म्हणजे या रेषा लादल्या परक्यांनी, पण ठेवल्या घरच्यांनी, आणि विचारपूर्वक. १९९३ साली इरिट्रिया इथिओपियातून वेगळा झाला तो जुन्या इटालियन वसाहतीची हद्द पुढे करूनच. दक्षिण सुदानला २०११ मध्ये स्वतःचा देश मिळाला, तरी डिसेंबर २०१३ मध्ये तिथे यादवी पेटली, आणि ती नव्या सीमेच्या आत, सत्तेतल्या भागीदारांमध्ये पेटली.

रेखांश

‘विचारपूर्वक’ हा शब्द फार उदार आहे. एक सीमा उघडली की सगळ्याच उघडतील, या धास्तीने केलेला तो ठराव होता. भाडेकरूने गळके छप्पर सहन केले म्हणून ते त्याच्या पसंतीचे ठरत नाही. तरीही बर्लिनचे वाक्य चुकीचे होते हे कबूल करतो, कारण तसे न केल्यास आपण आणखी तीन परिच्छेद लिहाल. त्या जागी कॅप्रिव्ही आणि व्हिक्टोरिया धबधबा घालतो, आणि ‘प्रत्येक यादवी’ याऐवजी ‘काही यादव्या’ असे करतो.

पुढच्या भागात बोलिव्हियाच्या राजधानीचा प्रश्न आहे. वाद नको म्हणून दोन्ही उत्तरे ग्राह्य धरीन.

सुक्रेनिष्ठ

दोन्ही नव्हे. एकच.