फ्लोरिडा स्टेट २०२३: १३ पैकी १३ जिंकूनही प्लेऑफबाहेर. समितीचं चुकलं का? चौघांची चर्चा.

सीमारेषा
३ डिसेंबर २०२३ ला अमेरिकन कॉलेज फुटबॉलच्या प्लेऑफसाठी (राष्ट्रीय विजेता ठरवणारे शेवटचे सामने) निवड समितीने चार संघ जाहीर केले: मिशिगन, वॉशिंग्टन, टेक्सस, अलाबामा. फ्लोरिडा स्टेट पाचव्या क्रमांकावर. एसीसी या कॉन्फरन्सचा (विद्यापीठ संघांच्या गटाचा) विजेता, एकही सामना न हरलेला संघ बाहेर राहिला आणि प्रत्येकी एकेक सामना हरलेले टेक्सस व अलाबामा आत गेले. मोठ्या पाच कॉन्फरन्सपैकी एकीचा अपराजित विजेता वगळला जाण्याची चार संघांच्या प्लेऑफमधली ही पहिलीच वेळ.

कारण सर्वांना माहीत आहे. १८ नोव्हेंबरला नॉर्थ अलाबामाविरुद्ध क्वार्टरबॅक (पास टाकणारा, आक्रमण चालवणारा खेळाडू) जॉर्डन ट्रॅव्हिसच्या डाव्या पायाला गंभीर दुखापत झाली आणि त्याचा हंगाम संपला. त्यानंतर संघाने काय केलं ते पाहा. तो सामना ०-१३ वरून ५८-१३ असा फिरवला. पुढच्या शनिवारी गेन्सव्हिलला जाऊन फ्लोरिडाला (हे वेगळं विद्यापीठ) २४-१५ ने हरवलं. मग दुसरा क्वार्टरबॅक टेट रोडमेकरही डोक्याला मार लागून बाहेर, तरी तिसऱ्या क्रमांकाच्या ब्रॉक ग्लेनला घेऊन लुईव्हिलवर १६-६ ने मात केली आणि कॉन्फरन्स जिंकली. मैदानावर जे मागितलं ते सगळं दिलं. यापुढे अंदाजाला जागा नको होती. समितीने उघड अन्याय केला, असं माझं ठाम मत आहे.

थर्डअँडलाँग
असहमत. लुईव्हिलचा सामना नीट पाहा. ग्लेनचे २१ पैकी ८ पास पूर्ण, ५५ यार्ड. अख्ख्या संघाचे २१९ यार्ड, त्यातले ११८ एकट्या लॉरन्स टोआफिलीने धावून काढलेले. त्यालाच कित्येकदा थेट स्नॅप (क्वार्टरबॅकला टाळून चेंडू) द्यावा लागला, कारण पासची भीतीच उरली नव्हती.

पासची भीती गेली की काय होतं? समोरचा संघ एक सेफ्टी (सर्वांत मागचा बचावपटू) खाली आणून रेषेजवळ आठ जण उभे करतो. चार डाऊनमध्ये, म्हणजे प्रयत्नांत, दहा यार्ड पुढे जायचं असतं. पहिल्या डाऊनला धाव घेतली की दोन यार्ड, दुसऱ्याला तीन, आणि तिसऱ्याला पाच यार्ड हवे असताना पास टाकणार हे सर्वांना ठाऊक. मग पास रशर (क्वार्टरबॅकवर धावून जाणारे बचावपटू) बिनधास्त सुटतात, आणि नवख्या क्वार्टरबॅकला चेंडू तीन सेकंदांच्या आत सोडावा लागतो. कीऑन कोलमन आणि जॉनी विल्सनसारखे उंच रिसीव्हर (पास झेलणारे) असून उपयोग नाही, कारण त्यांना खोलवर पोहोचायला तेवढाही वेळ पुरत नाही. लुईव्हिलविरुद्ध हे चाललं, कारण बचावफळीने त्यांना १८८ यार्डांवर रोखलं. मिशिगनविरुद्ध १६ गुणांवर सामना निघाला नसता.

गणिती
नियम काय सांगतो तेही बघू या, नाहीतर चर्चा भावनेवरच फिरत राहील. समितीत १३ जण. प्रत्येक जण आधी ३० संघांची यादी देतो. मग त्यांतून सहा-सहाचे गट निवडायचे, गटातल्या संघांना प्रत्येकाने १ ते ६ क्रमांक द्यायचा, ज्यांची बेरीज सर्वांत कमी ते तीन संघ वर. हीच फेरी पुन्हा पुन्हा. संघ जवळपास सारखे वाटले तर कॉन्फरन्सचं विजेतेपद, वेळापत्रकाची कठीणता, आमनेसामनेचा निकाल आणि समान प्रतिस्पर्धी बघायचे. आणि महत्त्वाचे खेळाडू उपलब्ध नसल्याचा पुढच्या खेळावर होणारा परिणाम विचारात घेता येतो, हे लिखित निकषांतच आहे. डिसेंबरमध्ये घुसडलेलं नाही.

शनिवारी, २ डिसेंबरला झालेली गुंतागुंत अशी होती: अलाबामाने अव्वल क्रमांकाच्या जॉर्जियाला २७-२४ ने हरवलं, म्हणजे अलाबामा हवाच असं वाटू लागलं. पण ९ सप्टेंबरला टेक्ससने अलाबामाला त्यांच्याच घरी ३४-२४ ने हरवलं होतं. अलाबामा आत तर टेक्सस त्याच्या वर, याला पर्याय नाही. मिशिगन आणि वॉशिंग्टन दोघंही १३-० (१३ विजय, शून्य पराभव). दोन जागा उरल्या आणि दोन्ही एकाच दोरीने बांधलेल्या. सुरी फिरली ती फ्लोरिडा स्टेटवर.

कोलंबसकर
निकष लिखित होता हे मान्य, पण २०१४ मध्ये तो कसा वापरला? ओहायो स्टेटचा क्वार्टरबॅक ब्रॅक्स्टन मिलर ऑगस्टमध्येच दुखापतीने बाहेर गेला, जे. टी. बॅरेटचा घोटा मिशिगनविरुद्ध मोडला. तिसऱ्या क्रमांकाच्या कार्डेल जोन्सला घेऊन त्यांनी विस्कॉन्सिनला ५९-० ने चिरडलं. समितीने चौथी जागा दिली. पुढे अलाबामाला ४२-३५, ओरेगॉनला ४२-२० ने हरवून राष्ट्रीय विजेतेपद. तिसरा क्वार्टरबॅक म्हणजे संघ संपला, हा दावा याच प्लेऑफच्या पहिल्याच वर्षी खोटा ठरला आहे.

थर्डअँडलाँग
कोलंबसकर, तुमचं उदाहरण माझीच बाजू मजबूत करतं. जोन्सने त्या एका सामन्यात २५७ यार्ड आणि तीन टचडाऊन टाकले, एझिकील एलियट २२० यार्ड धावला. समितीला पुरावा मिळाला, म्हणून जागा मिळाली. ग्लेनचे ५५ यार्ड हा उलटा पुरावा होता. बरं, ऑरेंज बोलमध्ये (हंगामानंतरच्या 'बोल' सामन्यांपैकी एक) जॉर्जियाने फ्लोरिडा स्टेटला ६३-३ ने धुतलं. बोलच्या इतिहासातला सर्वांत मोठा फरक.

सीमारेषा
हा ६३-३ पुराव्यात आणूच नका. त्या दिवशी कोलमन, विल्सन, ट्रे बेन्सन, जॅरेड व्हर्स यांच्यापैकी कोणीच खेळलं नाही. रोडमेकर ट्रान्सफर पोर्टलमध्ये (संघ बदलू इच्छिणाऱ्यांच्या यादीत) गेलेला. प्लेऑफ हुकल्यावर पुढच्या ड्राफ्टसाठी (व्यावसायिक संघांकडून होणारी खेळाडूंची निवड) गुडघे जपणारे खेळाडू बोलला थांबत नाहीत, हे जॉर्जियाच्या बाबतीतही खरं, पण त्यांच्या राखीव फळीची खोली वेगळी. प्लेऑफची जागा मिळाली असती तर तोच संघ पूर्ण ताकदीने उतरला असता. समितीने संघ फोडला आणि फुटलेल्या संघाचा निकाल समितीच्या बाजूने वापरायचा, हे मला पटत नाही.

आणि अलाबामाला कोणती कसोटी लावली? १६ सप्टेंबरला त्यांचा क्वार्टरबॅक जेलन मिल्रोला बाहेर बसवून साऊथ फ्लोरिडाविरुद्ध जेमतेम १७-३. २५ नोव्हेंबरला ऑबर्नविरुद्ध शेवटच्या मिनिटात चौथा डाऊन, ३१ यार्ड हवे, आणि मिल्रोचा पास एंड झोनच्या (जिथे पोहोचल्यावर गुण मिळतात तो मैदानाचा शेवटचा भाग) कोपऱ्यात आयझाया बाँडच्या हातात. तो पास हातून सुटला असता तर अलाबामाचे दोन पराभव. जिंकलं म्हणजे जिंकलं हे त्यांना लागू, फ्लोरिडा स्टेटला नाही?

गणिती
हा मुद्दा बिनतोड आहे. तरी अलाबामाकडे जॉर्जियावरचा विजय होता. फ्लोरिडा स्टेटचा सर्वांत वजनदार विजय एलएसयूवरचा (लुइझियाना स्टेट) ४५-२४, तोही ३ सप्टेंबरचा आणि ट्रॅव्हिससकट.

कोलंबसकर
मग ट्रॅव्हिसचं म्हणणंही इथे नोंदवतो: पाय हंगामात आधीच मोडला असता तर हा संघ फक्त क्वार्टरबॅकवर उभा नाही हे सगळ्यांना दिसलं असतं, अशा अर्थाचं त्याने निवडीनंतर जाहीरपणे लिहिलं. खेळाडूला असं वाटायला लागावं, यातच त्या निकषाचा दोष दिसतो. दुखापतीची तारीख जितकी उशिराची तितकी शिक्षा मोठी.

थर्डअँडलाँग
दोष निकषाचा कमी, जागांचा जास्त. पाच मोठ्या कॉन्फरन्स आणि चार खुर्च्या हा आराखडाच चुकीचा होता. २०२४ मध्ये १२ संघ झाले, तेव्हा वरच्या पाच कॉन्फरन्स विजेत्यांना हमखास जागा होती. हाच नियम वर्षभर आधी असता तर फ्लोरिडा स्टेट निमूट आत गेलं असतं. पण चारच निवडायचे असतील, तर २ डिसेंबरच्या रात्री मीही तेच चार निवडले असते.

सीमारेषा
मी नाही. अलाबामाला पाचवं ठेवून टेक्ससला आत घेता येत होतं. आमनेसामनेचा निकाल तेव्हाही पाळला गेला असता आणि १३-० चा मानही राहिला असता.