क्वार्टर सोडलं नाही म्हणून ग्रॅच्युइटी अडवायची का?

ताम्रपट
निवृत्तीनंतर विद्यापीठाचं क्वार्टर वेळेत सोडलं नाही की दंडाचं भाडं ग्रॅच्युइटीतून कापायचं, नाहीतर 'नो ड्यूज'च्या, म्हणजे काही देणं बाकी नसल्याच्या दाखल्याच्या नावाखाली सगळीच रक्कम अडकवायची. ही रीत इतकी रुळलीय की कुणाला खटकतही नाही. मला खटकते. गोरखपूर विद्यापीठाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्येच सांगितलंय की पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही कुणाची मेहेरबानी नव्हे, दंडाच्या भाड्यासाठी ती रोखता येत नाही. घर परत हवंय ना? मग नोटीस काढा, सुनावणी घ्या, आदेशात कारणं लिहा. पण एवढे कष्ट कोण घेणार? त्यापेक्षा फाइल दाबून बसणं सोपं.

वेटिंगवाला
रोखायचीच! मी क्वार्टरच्या यादीत ताटकळतोय. निवृत्त साहेबांचा स्वतःचा फ्लॅट भाड्याने दिलेला, आणि राहतात कॅम्पसात. तुम्ही २००१ चा निकाल सांगितलात, २००५ चा सोयीस्कर विसरलात. ओएनजीसी या सरकारी तेल कंपनीच्या प्रकरणात त्याच न्यायालयाने ग्रॅच्युइटीतून केलेली कपात योग्य ठरवली. २०२० मध्ये सेल या सरकारी पोलाद कंपनीच्या प्रकरणातही सूर तोच. मुदतीबाहेर राहिलात तर दंडाचं भाडं बसणारच, त्यात अन्याय कसला?

लेखाशाखा
ओएनजीसीकडे कपातीची तरतूद असलेले, कायद्याचं बळ असलेले विनियम होते. तुमच्या विद्यापीठाकडे काय आहे? बहुतेक ठिकाणी कुलसचिवांच्या सहीचं एक परिपत्रक. वर ग्रॅच्युइटीचा १९७२ चा कायदा (२०२५ मध्ये त्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली) जिथे लागू होता तिथे ३० दिवसांत रक्कम द्यायची असे, आणि त्याच्या कलम १३ प्रमाणे दिवाणी कोर्टाच्या हुकुमानेही तिच्यावर जप्ती येत नसे. परिपत्रक कोर्टापेक्षा मोठं झालं की काय?

वेटिंगवाला
अहो, कलमं पाठ आहेत तुम्हाला, पण घर कोणाला लागतं ते बघा. घरभाडे भत्ता मूळ पगाराच्या टक्क्यात मिळतो. शिपायाचा पगार कमी, म्हणून भत्ता कमी. खोलीचा मालक काही पगार बघून भाडं सांगत नाही. प्राध्यापकाचं भत्त्यात भागतं, शिपायाचं नाही. म्हणजे क्वार्टरची खरी गरज खालच्या माणसाला, आणि अडवून बसलेला एकेक बंगला वरच्याचा. ग्रॅच्युइटीला हात लागला नाही तर तो जागचा हलणारही नाही.

ताम्रपट
हे मान्य. पण बंगला सुटला तरी तो शिपायाला मिळणार नाही, कारण वाटप पगाराच्या स्तरावरून ठरतं. बंगल्याच्या जागी दुसरा बंगलेवालाच येणार.

सेक्शनऑफिसर
दोघेही एक गोष्ट गाळताय. सरकारी जागा अडवून बसलेल्यांना बाहेर काढण्याचा १९७१ चा सार्वजनिक जागांचा कायदा केंद्रीय कायद्याने स्थापन झालेल्या विद्यापीठांना लागतो, उदाहरणार्थ वर्ध्याचं हिंदी विद्यापीठ. तिथे २०१९ च्या दुरुस्तीनंतर राहत्या घरासाठी कारणे दाखवायला कामकाजाचे फक्त ३ दिवस मिळतात, आणि कोर्टात गेलात तरी नुकसानभरपाई दर महिन्याला भरत राहावी लागते. इतकं धारदार हत्यार असताना ग्रॅच्युइटीला हात लावायचं कारणच नाही. राज्य विद्यापीठांना मात्र हा कायदा लागत नाही, म्हणून तिथे सगळे 'नो ड्यूज'लाच लटकतात.

ताम्रपट
३ दिवस! घरात कुणी आजारी असलं तर? त्याच्या नशिबी कोर्टच.

लेखाशाखा
आजारपणासाठी मुदतवाढीचा अर्ज करता येतो, तो बहुतेक नियमांत असतो. पण २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका निवृत्त काश्मिरी कर्मचाऱ्याच्या प्रकरणात स्पष्ट सांगितलं की निवाऱ्याचा हक्क म्हणजे सरकारी घराचा हक्क नव्हे. काश्मीरमधून विस्थापित झालेल्या माणसाला हे ऐकावं लागलं, तिथे आपली काय कथा?

सेक्शनऑफिसर
मला विचाराल तर खरी भांडणं घर सोडण्यावरून कमी आणि घर मिळण्यावरून जास्त. ज्येष्ठता रुजू झाल्यापासून धरायची की अर्ज केल्यापासून? बढती मिळालेला वरच्या टाइपच्या, म्हणजे मोठ्या घरांच्या यादीत तळाशी जाणार की त्याची जुनी तारीख टिकणार? नियमात हे लिहिलेलं नसतं, मग समिती दरवेळी समोरचा माणूस बघून अर्थ लावते. दिल्लीतल्या सरकारी घरांच्या पाळी सोडून केलेल्या वाटपावर सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये कडक ताशेरे ओढले होते. विद्यापीठांच्या वाटप समित्यांनी ते वाचलेले दिसत नाहीत. निदान यादी फलकावर लावा, एवढंच मागणं आहे.

वेटिंगवाला
आमच्याकडे लावलीय की. फक्त तिच्यावर तारीख नाही.