कान्हेरीच्या वाटेवरचं निळं फूल: केना की आणखी काही?

कांदिवलीकर
नमस्कार मंडळी. गेले दोन महिने दर रविवारी नऊ वर्षांच्या लेकीला घेऊन बोरिवलीच्या नॅशनल पार्कात जाते. तिला रानफुलांचं वेड लागलंय, तिच्यामुळे मलाही. काल कान्हेरीच्या रस्त्याकडेला, पाणी झिरपणाऱ्या कातळावर नखाएवढी निळी फुलं दिसली. मोबाइलमधल्या अ‍ॅपने एका फोटोला एक नाव दिलं, दुसऱ्याला भलतंच. आईला (मूळची संगमेश्वरची) दाखवलं तर म्हणाली, "अगं, हा केना. भाजी होते याची." लेक मात्र ऐकेना. आपल्या कुंडीत उगवतो तो केना असा नसतो म्हणते. भारतभरच्या फुलांचं एक जाड पुस्तक घेतलंय, पण त्यात निळी फुलं शोधता शोधता आम्ही हिमालयात पोहोचलो! मुंबईच्या आसपासच्या फुलांसाठी कोणतं पुस्तक घ्यावं? आणि ते वापरायचं कसं?

रानवाट
ताई, लेकीची नजर चांगली आहे. केन्याचं फूल एका हिरव्या नरसाळ्यातून डोकावतं. हे नरसाळं म्हणजे दुमडलेलं पानच. पाकळ्या तीन, त्यातल्या दोन मोठ्या आणि तिसरी अगदी लहान. तुमच्या फोटोत तिन्ही पाकळ्या सारख्या आहेत आणि नरसाळं कुठेच नाही. ही म्युर्डानिया, केन्याच्याच कुळातली. नेमकी जात मात्र या फोटोवरून सांगणार नाही, कारण पान, खोड, केसर काहीच दिसत नाही. सगळेच जण फक्त फुलाचा फोटो काढतात, तिथेच अडतं.

पुस्तक घ्याल तर सह्याद्रीपुरतं घ्या. श्रीकांत इंगळहळीकरांचं 'फ्लॉवर्स ऑफ सह्याद्री' (२००१) मी अनेक पावसाळे पाठीवर वाहिलंय. पण फूल दिसल्या दिसल्या पुस्तक उघडू नका. आधी झाडापाशी उकिडवं बसा. पानं समोरासमोर की एकाआड एक? देठ आहे की पान खोडालाच वेढलंय? लव आहे का? जागा कोणती, कातळ, चिखल की झाडाखालची सावली? हे वहीत उतरवा, लेकीला चित्र काढू दे, आणि पुस्तक घरी उघडा. कळलावी तर फूल नसतानाही ओळखता येते. पानाचं टोक लांब होऊन स्प्रिंगसारखं गुंडाळलेलं असतं आणि त्यानेच ती शेजारच्या झुडपाला धरून चढते. हे एकदा दिसलं की जन्मभर विसरत नाही.

पार्कातलं काही तोडायचं नाही हे तुम्हाला ठाऊक असेलच. आणि आईंना सांगा, फोटोवरून भाजी ठरवू नये. कळलावीचा तर कंदापासून बीपर्यंत प्रत्येक भाग विषारी आहे.

तेरडा_दादर
रानवाट यांच्याशी सहमत. एक भर घालतो. महिना आणि वर्षही लिहून ठेवा. पार्कातली कारवी आठ वर्षांनी एकदाच सामूहिक फुलते. २०१६ला फुलली, मग २०२४ला. लेकीला पुढच्या खेपेला कॉलेजातून यावं लागेल! गौरीला आपण जो तेरडा आणतो, तो रानात पाहताना फुलामागची बारीक शेपटी दाखवा तिला. आणि झेवियर्स कॉलेजात ब्लॅटर हर्बेरियम आहे, वाळवून जपलेल्या वनस्पतींचा मोठा संग्रह. सफेद मुसळीच्या शास्त्रीय नावात 'बोरिविलियानम' आहे, ते आपल्या बोरिवलीवरूनच. रविवारी जाता त्याच गावाचं नाव जगभरच्या ग्रंथांत आहे, हे तिला जरूर सांगा.

रानवाट
बोरिवलीचं छान आठवण करून दिलंत. ताई, अजून एक. खरा केना कुंडीत उगवला असेल तर तो उपटून मुळांशी बघा. जमिनीखालीही त्याला फुलं येतात, न उमलणारी. तिथेच बी धरतं.

कांदिवलीकर
सगळ्यांचे मनापासून आभार. परवा सकाळी साडेसातला पुन्हा गेलो. वही नेली होती. कातळावरच्या फुलाला नरसाळं नाही, पानं गवतासारखी अरुंद. चित्र लेकीने काढलंय, स्कॅन करून टाकते, जात ओळखता आली तर बघा.

घरी येऊन कुंडीतला केना उपटला. माती धुतल्यावर खाली पांढुरक्या बारीक फांद्या होत्या आणि त्यांच्यावर मिटलेल्या फिकट कळ्या! लेक ओरडतच आजीकडे धावली. आईने साठ वर्षं केन्याची भाजी केलीय, पण हे तिने कधी पाहिलं नव्हतं. चष्मा लावून ती बराच वेळ ते रोप हातात धरून बसली होती. आता येत्या रविवारी तीही यायचं म्हणतेय. गुडघे दुखतात तिचे, तेव्हा कान्हेरीपर्यंत न चढता सपाटीवर फुलं दिसतील अशी जागा कोणी सुचवाल का?