छायाचित्र हा इतिहासाचा पुरावा, की इतिहासाचे लेखन? ॲलन ट्रॅक्टेनबर्ग यांच्या ग्रंथांवर चर्चा

तळटीप (धागालेखक)

येल विद्यापीठात अनेक वर्षे शिकवणारे अमेरिकन संस्कृतीचे अभ्यासक ॲलन ट्रॅक्टेनबर्ग (१९३२–२०२०) यांच्या ग्रंथांपैकी ‘द इनकॉर्पोरेशन ऑफ अमेरिका’ (१९८२) सर्वाधिक अभ्यासला जातो. माझे मत असे आहे की त्यांचे खरे मोठे काम ‘रीडिंग अमेरिकन फोटोग्राफ्स’ (१९८९) हे आहे. इतिहासाच्या पुस्तकात छायाचित्र बहुधा मजकुराला जोड म्हणून येते. ट्रॅक्टेनबर्ग यांनी मात्र छायाचित्रांचे संच, त्यांचा क्रम आणि त्यांखालचा मजकूर यांकडे इतिहासलेखनाचाच एक प्रकार म्हणून पाहिले. अमेरिकन छायाचित्रकार वॉकर इव्हान्स यांच्या १९३८ च्या ‘अमेरिकन फोटोग्राफ्स’ या पुस्तकात ८७ छायाचित्रे आहेत. त्यांतले पहिले परवान्यासाठी फोटो काढून देणाऱ्या न्यूयॉर्कमधील दुकानाचे आहे, तर दुसरे सव्हाना शहरातल्या एका स्टुडिओच्या काचेमागे ओळीने मांडलेल्या स्वस्त व्यक्तिचित्रांचे. म्हणजे छायाचित्रणाचा धंदा हाच त्या पुस्तकाचा पहिला विषय ठरतो. चित्रांची नावे समोरच्या पानावर न देता भागाच्या अखेरीस दिली असल्यामुळे वाचकाला एका चित्राचा अर्थ शेजारच्या चित्रांवरून लावावा लागतो. ही रचना ट्रॅक्टेनबर्ग ज्या बारकाईने उलगडतात, ती बारकाई मला अन्यत्र क्वचितच आढळली आहे.

याहून धाडसी भाग १८५० या वर्षाविषयीचा आहे. त्या वर्षी छायाचित्रकार मॅथ्यू ब्रॅडी यांनी नामवंत अमेरिकन पुरुषांची चित्रमालिका प्रसिद्ध केली. त्याच वर्षी हार्वर्डचे निसर्गशास्त्रज्ञ लुई ॲगासी यांच्यासाठी जे. टी. झीली यांनी साउथ कॅरोलिनातील कोलंबिया येथे गुलाम स्त्रीपुरुषांचे कपडे उतरवून डॅगेरोटाइप (चांदीचा मुलामा दिलेल्या पत्र्यावरची सुरुवातीच्या काळातली छायाचित्रे) घेतले. मानववंशांची उत्पत्ती वेगवेगळी आहे, या ॲगासींच्या मताला आधार मिळावा, हा त्यामागचा हेतू होता. ट्रॅक्टेनबर्ग हे दोन संच शेजारी ठेवतात आणि दाखवतात की प्रतिष्ठितांच्या चेहऱ्यावर सार्वजनिक भूमिकेचा मुखवटा आहे, तर ज्यांना केवळ नमुना म्हणून उभे केले त्यांची नजर त्या नमुनेपणाला न जुमानता थेट आपल्यापर्यंत येते. ज्या चित्रांचा उपयोग माणसाला वस्तू ठरवण्यासाठी झाला, त्यांतूनच माणूस पुन्हा दिसू लागतो, ही त्यांच्या वाचनपद्धतीची कमाई आहे असे मी मानतो.

जुनी काच

आपल्या मांडणीतला इव्हान्सविषयीचा भाग मला मान्य आहे. झीलींच्या चित्रांविषयीच्या निष्कर्षाला मात्र माझा स्पष्ट विरोध आहे. त्या चित्रांतल्या गुलामांपैकी रेंटी आणि त्यांची मुलगी डीलिया यांना नकार देण्याचा अधिकार नव्हता. डॅगेरोटाइप घेताना काही सेकंद निश्चल राहावे लागे, आणि तसे राहण्याची त्यांच्यावर सक्ती होती. अशा स्थितीतल्या नजरेत आपल्याला संवाद दिसतो, तेव्हा तो त्यांचा असतो की आपल्या सद्भावनेचा, हे ठरवण्याचे साधन वाचनपद्धतीपाशी नाही. १९७६ मध्ये हार्वर्डच्या पीबडी संग्रहालयात ही चित्रे सापडली, तेव्हा सोबतच्या चिठ्ठ्यांवर नावे, मूळ आणि मालक यांच्या नोंदी होत्या. रेंटी यांच्या वंशज असल्याचे सांगणाऱ्या टमारा लॅनियर यांनी २०१९ मध्ये हार्वर्डविरुद्ध दावा केला, त्याचा पाया नाव आणि वंशावळ हा होता. १९८९ च्या सुंदर वाचनाने त्या माणसांना आपल्याशी जोडले, पण त्यांच्या कुटुंबाशी जोडले नाही.

दुसरे उदाहरण गेटिसबर्गचे घेऊ. छायाचित्रकार अलेक्झांडर गार्डनर यांच्या अमेरिकन यादवी युद्धाविषयीच्या संग्रहात दगडी आडोशामागे पडलेल्या बंडखोर नेमबाजाचे प्रसिद्ध चित्र आहे. तो मृतदेह सुमारे ४० यार्ड हलवून तिथे ठेवला होता, हे इतिहासकार विल्यम फ्रासानिटो यांनी १९७५ मध्ये दाखवले. त्यांनी रणभूमीवर हिंडून खडक ताडून पाहिले आणि वेगवेगळ्या चित्रांतले मृतदेह एकमेकांशी जुळवले. संग्रहाचा क्रम कितीही बारकाईने वाचला असता तरी हे सत्य हाती लागले नसते.

तळटीप

गेटिसबर्गविषयीचा आपला मुद्दा खरा आहे, तरी तो तिथेच संपत नाही. मृतदेह हलवल्याचे सिद्ध झाल्यावर चित्र ‘खोटे’ ठरवून बाजूला ठेवण्याची प्रवृत्ती बळावली. पण १८६६ च्या वाचकाला गार्डनर यांनी चित्रासोबतच्या मजकुरातून कोणती कथा सांगितली आणि इतक्या मृत्यूंना अर्थ देण्याची गरज तेव्हा कोणाला होती, हे प्रश्न उरतातच आणि ते वाचनाचेच आहेत. झीलींच्या चित्रांबाबत इतकेच म्हणेन की नजरेविषयी काहीच बोलायचे नाही असे ठरवले, तर ॲगासींनी दिलेला अर्थच शेवटचा ठरतो.

जुनी काच

तसे होत नाही. ॲगासींचा अर्थ खोडण्यासाठी रेंटी यांचे आयुष्य शोधावे लागते, त्यांच्या डोळ्यांचे वर्णन करून भागत नाही.

सोनचाफा

दोघांनीही ‘इनकॉर्पोरेशन’ला थोडे दुर्लक्षितच ठेवले, म्हणून लिहीत आहे. त्या ग्रंथाचे शेवटचे प्रकरण १८९३ च्या शिकागो प्रदर्शनातल्या ‘व्हाइट सिटी’वर आहे. वरून संगमरवरी वाटणाऱ्या आणि आत पोलादी सांगाडे असलेल्या त्या तात्पुरत्या नगरीपासून लेखक पुलमन या रेल्वेडबे बनवणाऱ्या कंपनीच्या वसाहतीतील १८९४ च्या कामगारांच्या संपापर्यंत येतो. दृश्यसंस्कृती आणि भांडवल यांचा संबंध इतक्या स्पष्टपणे त्यांच्या दुसऱ्या कोणत्याही पुस्तकात येत नाही, असे मला वाटते. तरीही त्यात मोठ्या कंपन्यांची (कॉर्पोरेशन्सची) पकड इतकी सर्वव्यापी दिसते की माणसांनी स्वतः उभ्या केलेल्या संघटना फिक्या पडतात. याच काळातली अमेरिका पंडिता रमाबाईंनी १८८६ ते १८८८ या वर्षांत प्रत्यक्ष पाहिली आणि १८८९ मध्ये ‘युनायटेड स्टेट्सची लोकस्थिती आणि प्रवासवृत्त’ हे पुस्तक लिहिले. तिथल्या स्त्रियांच्या मंडळ्या, मद्यपानविरोधी चळवळ आणि त्यांच्यामागची शिस्त यांनी त्या भारावून गेल्या होत्या. रमाबाईंचे कौतुक काही ठिकाणी अतिरिक्त असेल, परंतु त्यांना दिसलेली ताकद ट्रॅक्टेनबर्ग यांच्या चित्रात पुरेशी येत नाही. कामगारांच्या बाबतीत ते अधिक न्याय करतात, स्त्रियांच्या बाबतीत कमी.

तळटीप

रमाबाईंचा मुद्दा मी स्वीकारतो. ‘जुनी काच’ यांना मात्र १९८९ च्या ग्रंथातले लुईस हाइन आणि आल्फ्रेड स्टीगलिट्झ या छायाचित्रकारांवरचे प्रकरण पुन्हा वाचण्याची विनंती करतो. राष्ट्रीय बालमजूर समितीसाठी काम करताना हाइन मुलांची नावे, वये आणि कामाचे तास नोंदवत असत. चित्र, नोंद आणि अहवाल मिळून जे तयार होते तेच हाइन यांचे काम, असे ट्रॅक्टेनबर्ग तिथे मांडतात. आपण मागता ती कागदपत्रांची साथ त्या प्रकरणात आहे.

जुनी काच

त्या प्रकरणाबद्दल माझी तक्रार नाहीच. हाइन यांनी मुलाचे नाव आणि वय स्वतः लिहून ठेवले होते, म्हणून तिथे वाचनाला आधार मिळाला. झीलींच्या चित्रांसोबतच्या नोंदींत मालकाचेही नाव आहे, आणि त्या मळ्यांच्या कागदपत्रांकडे जाण्याची वाट तिथूनच सुरू होत होती. ट्रॅक्टेनबर्ग त्या वाटेने गेले नाहीत, एवढेच मी पहिल्यापासून म्हणत आहे.