योकोईंना हुतात्मा करणं आता पुरे

खडूसराव
'चांदोबा७९' यांचं काल म्हणणं पडलं की निन्टेंडो या जपानी व्हिडिओ गेम कंपनीतल्या गुनपेई योकोई यांनी एकट्याच्या डोक्यातून गेम बॉय हा हातात धरून खेळायचा व्हिडिओ गेम काढला आणि पुढचं यंत्र, व्हर्च्युअल बॉय, आपटल्यावर निन्टेंडोने त्यांना हाकललं. खाली रडारड. उत्तर लांबलं म्हणून वेगळा धागा.

योकोई १९६५ साली क्योतोत निन्टेंडोत लागले, तेव्हा कंपनी हानाफुदाचे, म्हणजे जपानी खेळाचे, पत्ते बनवायची आणि यांच्याकडे यंत्रांची देखभाल. रिकाम्या वेळात लांब होणारा चिमटा बनवला, तो मालक यामाउचींच्या नजरेस पडला. ओरडा बसायचा, तर हुकूम निघाला की हेच विकायला काढा. १९६६ चा अल्ट्रा हँड तो, दहा लाखांवर खपला. पुढे गेम अँड वॉच हे खिशातले छोटे खेळ, १९८०पासून चार कोटींवर नग. तीस वर्षं कंपनीने या माणसाचे लाड पुरवले! १९९५ चा व्हर्च्युअल बॉय म्हणजे लाल-काळं चित्र, टेबलावर ठेवलेल्या यंत्रात डोळे खुपसून बसायचं, वर डोकेदुखी. आठ लाखही गेले नाहीत. योकोई बाहेर पडले ते १९९६च्या ऑगस्टमध्ये, गेम बॉयचा छोटा अवतार, गेम बॉय पॉकेट, बाजारात आल्यावर. या जाण्याचा व्हर्च्युअल बॉयशी संबंध नाही, हे त्यांनी स्वतः लिहिलंय. मग आपण कोण टिपं गाळणारे?

चांदोबा७९
एकतीस वर्षं एका कंपनीत काढलेला जपानी गृहस्थ जाताना मालकाच्या नावाने शिमगा करेल होय? लोक कुजबुजत होते म्हणूनच खुलासा करावा लागला ना?

आणि गेम बॉयचं श्रेय काढून घेताय, तर ऐका. १९८९ साली रंगीत पडदा मिळत नव्हता असं नाही. रंगीत पडद्याचा अटारी कंपनीचा लिंक्स त्याच वर्षीचा, सेगा कंपनीचा गेम गिअर पुढच्या वर्षीचा. दोघेही सहा सेल गिळायचे आणि चार-पाच तासांत मान टाकायचे. गेम बॉय चार सेलवर पंधरा तासांच्या आसपास चालायचा. हिरवट पडदा, चार छटा, आत दिवा नाही. कॅल्क्युलेटरवाल्यांनी स्वस्त करून ठेवलेलं तंत्र उचललं आणि पोरांच्या खिशाला परवडेल असं यंत्र केलं. हे धाडस योकोईंचंच.

निळी शाई
धाडस त्यांचं, कबूल. यंत्र कुणाचं? योकोईंच्या हाताखालचे अभियंते सातोरू ओकादा यांनी पुढे मुलाखतीत सांगितलंय की योकोईंना गेम अँड वॉचचाच पुढचा स्वस्त भाऊ हवा होता. वर्षानुवर्षं नवे खेळ येत राहतील असं दमदार यंत्र हवं, हा हट्ट ओकादांचा. वाद झाले, शेवटी योकोई म्हणाले, कर तुला हवं ते. आणि अमेरिकेत तो खपला त्यात सोबत दिलेल्या टेट्रिसचा, म्हणजे पडणारे ठोकळे रचायच्या खेळाचा, वाटा केवढा! आपल्याकडे जत्रेत टेट्रिसची नक्कल असलेला ब्रिक गेम मिळायचा, योकोईंचं नाव कुणाला ठाऊक होतं?

सर्व्हरखोलीतला
निळी शाई, एक नंबर. ओकादा म्हणजे मीच. रात्री जागून रिपोर्टचं टूल लिहिलं, क्लायंटच्या कॉलवर आमचे साहेब म्हणाले, 'मी बनवलं.' मी म्यूटवर. अप्रेझलला मला काय शेरा? 'पुढाकार कमी पडतो.' प्रत्येक 'जनक' असाच झालेला असतो.

दुपारचा चहा
मी मॅनेजर आहे. टूल फसलं असतं तर कॉलवर शिव्या कुणी खाल्ल्या असत्या, तुम्ही? तेव्हाही म्यूटवरच असता.

सर्व्हरखोलीतला
आले, साहेबांचे वकील आले! कोड वाचता येतो का हो? की नुसती एक्सेल रंगवता?

दुपारचा चहा
भाषा सांभाळा. चौदा जणांच्या रजा, रुसवे आणि नवऱ्या-बायकांची भांडणं निस्तरून पाहा एकदा, मग बोला.

खडूसराव
धागा योकोईंचा आहे, तुमच्या अप्रेझलचा नाही. तरी विषय काढलाच आहात तर घ्या. अधिक चिन्हासारखं चार दिशांचं बटण १९८२च्या डाँकी काँग गेम अँड वॉचवर आलं. जग ते योकोईंच्या नावावर लावतं. अमेरिकन पेटंटवर शोधक म्हणून नाव आहे इचिरो शिराई यांचं.

चांदोबा७९
मग १९८१चा मूळ डाँकी काँग, नाणं टाकून खेळायचा तो? त्यावर देखरेख योकोईंची होती. नाव कुणाचं झालं? तो खेळ रचणाऱ्या मियामोतोंचं. नवख्या पोराला पुढे करणारा साहेब श्रेयचोर कसा?

निळी शाई
साहेब चोर असं मी कुठे लिहिलं? ती 'सर्व्हरखोली'तली भर आहे. मी म्हणते, 'एकट्याने' हा शब्द काढा. शिराई, ओकादा ही नावं घ्यायला जड का जातं तुम्हाला?

चांदोबा७९
काढला, ताई. 'हाकललं'ही काढतो, खडूसरावांची झोप उडायला नको. पण बाहेर पडून हा माणूस गप्प बसला नाही, कोतो नावाची स्वतःची कंपनी काढली. बंदाई या खेळणी कंपनीसाठी वंडरस्वान या हातातल्या व्हिडिओ गेमवर काम केलं, तो १९९९ साली एका सेलवर चालणारा निघाला. योकोई १९९७ साली महामार्गावरच्या अपघातात गेले, तेव्हा छप्पन्न वर्षांचे होते. निन्टेंडोत सुखी होते तर पुन्हा त्याच धंद्यात, समोरच्या तंबूत कशाला गेले असते?

खडूसराव
सुखी होते असं मी म्हटलेलंच नाही. हाकललं नाही, इतकंच म्हटलं.

दुपारचा चहा
'सर्व्हरखोली', तुम्हीही काढा की स्वतःची कंपनी. पहिल्या महिन्यात कळेल, कॉलवर 'मी बनवलं' का म्हणावं लागतं ते.

सर्व्हरखोलीतला
काढतो. तुम्हाला देखभालीवर ठेवतो.