हार्डडिस्कवर गेम ठेवणं आता बंद करा

गोदाकाठ_गेमर
नाशिकच्या पोरांना सरळ सांगतो, ग्राफिक्स कार्ड बदलायच्या आधी तुमचे गेम कुठल्या ड्राइव्हवर आहेत ते बघा. बऱ्याच जणांकडे विंडोज एसएसडीवर (आत काही न फिरणारा, चिपवाला वेगवान ड्राइव्ह) असतं आणि गेम मात्र जुन्या एक टीबीच्या हार्डडिस्कवर, मग गेममध्ये गाडी जोरात पळवली की पुढचा रस्ता उमटायला वेळ लागतो, बिल्डिंगा धुरकट दिसतात, मधेच झटका बसतो आणि दोष जातो कार्डाला. हार्डडिस्कमध्ये तबकडी फिरते, हेड योग्य जागी पोचायला १० मिलिसेकंदांच्या आसपास जातात आणि गेम एका वेळी इकडची तिकडची हजारो बारीक तुकड्यांची मागणी करतो, त्यामुळे तिचा सेकंदाला १५० एमबीचा स्पीड कागदावरच राहतो. साध्या साटा एसएसडीला (हार्डडिस्कसारखीच केबलने जोडायची) तेच शोधायला ०.१ मिलिसेकंद लागतात.

कंपन्यांनीही आता सांगूनच टाकलंय. स्टारफिल्ड आणि बाल्डर्स गेट ३, दोन्ही २०२३ चे, दोघांच्या किमान गरजांमध्ये एसएसडी लिहिलीय. सायबरपंक २०७७ आला तेव्हा किमान यादीत हार्डडिस्क होती, २.० अपडेटच्या वेळी ती काढली.

आणि हलवायला काही लागत नाही हो. स्टीमच्या (गेम घ्यायचं आणि चालवायचं अ‍ॅप, म्हणजे लाँचर) सेटिंग्जमध्ये स्टोरेज, तिथे नवा ड्राइव्ह जोडायचा, गेम निवडायचा, मूव्ह. परत डाउनलोड नाही, नेटची लिमिट संपत नाही. सगळे गेम हलवा, उगाच वाट बघत बसू नका.

सिडको_मिडटॉवर
"सगळे" या शब्दाला माझा विरोध आहे. इथे निम्म्या लोकांकडे २४० जीबीची एसएसडी आहे, विंडोज, अपडेट, ऑफिस, मुलांचे प्रोजेक्ट हे धरून किती उरणार? एकटा जीटीए ५ शंभर जीबीच्या वर जातो. तो घातला की विंडोजलाच श्वास घ्यायला जागा नाही, आणि आठ जीबी रॅम असेल तर विंडोज पेजफाइल (रॅममध्ये न मावणारं ठेवायची ड्राइव्हवरची फाइल) वापरणारच, तिलाही जागा लागते. काउंटर स्ट्राइक, व्हॅलोरंट असे गेम बघा, मॅप एकदा लोड झाला की बाकीचं रॅममध्ये चालतं, मॅच चालू असताना ड्राइव्हला फार काम नसतं. जुने छोटे गेम तर हार्डडिस्कवरच मजेत चालतात. ज्यात जग खूप मोठं आहे आणि खेळता खेळता सतत लोड होतं तेवढे दोन-तीन हलवा, बाकीचे राहू द्या.

आणि एफपीएस (सेकंदाला दिसणारी चित्रं) वाढेल असं कोणाला सांगू नका प्लीज. लोडिंग कमी होईल, झटके कमी होतील, एफपीएस कार्डावर आणि प्रोसेसरवरच राहणार.

गोदाकाठ_गेमर
एफपीएस वाढेल असं मी कुठे लिहिलंय भाऊ. पण खेळणाऱ्याला सरासरी एफपीएसपेक्षा झटकाच जास्त बोचतो, ६० दाखवतोय आणि वळणावर अडकतोय याला काय अर्थ आहे. व्हॅलोरंटचं मान्य, तरी हार्डडिस्कवाला लॉबीतून सगळ्यात शेवटी आत येतो आणि बाकीचे त्याची वाट बघतात.

इंदिरानगर_रिपेअर
मी रोज पीसी उघडतो म्हणून थोडं सविस्तर लिहितो, कारण इथे "एसएसडी" म्हणजे एकच वस्तू असल्यासारखं बोलणं चाललंय. सगळ्यात स्वस्त म्हणून जी घेतली जाते तिच्यात बहुतेक वेळा डीरॅम (फाइली कुठे आहेत त्याची यादी ठेवणारी वेगळी चिप) नसतो आणि काहींमध्ये क्यूएलसी फ्लॅश (एका सेलमध्ये चार बिट, स्वस्त पण लिहायला संथ) असतो. अशा ड्राइव्हमध्ये थोडा भाग वेगवान कॅश, म्हणजे तात्पुरती जागा म्हणून वापरतात, सुरुवातीचे काही जीबी ५०० च्या स्पीडने जातात, आणि कॅश भरली की काही ड्राइव्ह चक्क ८० एमबीवर येतात, म्हणजे हार्डडिस्कपेक्षाही खाली. गिऱ्हाईक १०० जीबीचा गेम हलवतं आणि निम्म्यावर स्पीड पडला की म्हणतं मला खराब माल दिला. माल खराब नाही, तो तसाच बनवलाय. आणि ड्राइव्ह जितका भरलेला तितकी ही कॅश लहान होते, म्हणून निदान १५-२० टक्के जागा मोकळी ठेवा, काठोकाठ भरू नका. एका वेळी एकच गेम हलवा, मधे ड्राइव्हला थोडा वेळ द्या, तो आतल्या आत आवराआवर करतो.

दुसरं, आपल्याकडे लाईट कधी जाईल सांगता येत नाही, यूपीएस नसेल तर पावसाळ्यात रात्री मूव्ह लावून झोपू नका. हलवून झालं की गेमच्या प्रॉपर्टीजमध्ये जाऊन फाइली व्हेरिफाय करायच्याच.

सिडको_मिडटॉवर
बघा, हेच म्हणतोय मी. सगळे हलवायला सांगितलं की लोक स्वस्तातली भरून टाकतात. शिवाय एसएसडीचं लिहिण्याचं आयुष्य ठरलेलं असतं, पुन्हा पुन्हा गेम इकडून तिकडे करणं बरं नाही.

गोदाकाठ_गेमर
आयुष्याची भीती घालू नका, ती चुकीची आहे. ५०० जीबीच्या चांगल्या टीएलसी (एका सेलमध्ये तीन बिट) ड्राइव्हला कंपनी ३०० टीबी लिहिण्याची हमी देते. १०० जीबीचा गेम म्हणजे ०.१ टीबी, रोज एक हलवला तरी आठ वर्षं जातील. आणि गेम खेळणं म्हणजे मुख्यतः वाचणं, वाचून ड्राइव्ह झिजत नाही. कॅशचं इंदिरानगरवाले दादा म्हणतात ते बरोबर, पण तेही लिहितानाचं आहे, एकदा गेम जाऊन बसला की वाचायचा स्पीड पूर्ण मिळतो.

गंगापूररोड_हॉस्टेल
माझा लॅपटॉप आहे, त्यात ड्राइव्ह बसवायची जागा एकच. मित्र म्हणतात जेन ४ (चौथ्या पिढीची) एनव्हीएमई, म्हणजे थेट बोर्डवर बसणारी वेगवान एसएसडी घे, ७००० चा स्पीड, साटा आता कोणी घेत नाही. खरंच फरक पडतो का? आणि एपिकवरचे (स्टीमसारखं दुसरं लाँचर) गेम फोल्डर कट-पेस्ट केले तर चालतात का?

इंदिरानगर_रिपेअर
हार्डडिस्क ते साटा एसएसडी हा फरक डोळ्यांना दिसतो. साटा ५५० वरून एनव्हीएमई ३५०० वर गेलास तर कागदावर सहापट, पण लोडिंगमध्ये बहुतेक गेमना थोड्याच सेकंदांचा फरक पडतो, कारण तोपर्यंत अडतं ते प्रोसेसरपाशी, फाइली उलगडायचं काम त्याच्याकडे असतं. लॅपटॉपच्या स्लॉटमध्ये जे बसतं तेच घे, जेन ३ पुष्कळ झालं. नुसतं कट-पेस्ट मात्र करू नकोस, लाँचरला गेम जुन्याच जागी हवा असतो. एक तर लाँचरमधूनच हलव किंवा फोल्डर हलवून जुन्या जागी विंडोजच्या एमकेलिंक कमांडने जंक्शन, म्हणजे नव्या जागेकडे नेणारी वाट बनव. सेव्ह फाइली बऱ्याचदा डॉक्युमेंट्स नाहीतर अ‍ॅपडेटामध्ये असतात, गेमच्या फोल्डरमध्ये नाही, तरी आधी कॉपी काढून ठेव.

गोदाकाठ_गेमर
इथे मात्र मी दादांशी सहमत नाही. डायरेक्टस्टोरेज (गेमच्या फाइली ड्राइव्हवरून पटकन आणायची मायक्रोसॉफ्टची सोय) आलंय, फोरस्पोकन हा गेम २०२३ मध्ये त्याच्यावरच आला, डायरेक्टस्टोरेज १.१ पासून उलगडायचं काम ग्राफिक्स कार्डावर टाकता येतं. पीएस ५ मध्ये २०२० पासून सेकंदाला ५.५ जीबी वाचणारा ड्राइव्ह आहे आणि गेम बनवणारे ते धरूनच बनवतात. पाच वर्षांसाठी घ्यायचं तर एनव्हीएमईच.

इंदिरानगर_रिपेअर
आलंय, पण वापरणारे गेम अजून थोडेच आहेत. पाच वर्षांनंतरच्या गेमसाठी आज पोरांनी जास्तीचे पैसे का घालायचे? त्यापेक्षा आठची सोळा जीबी रॅम करा, ती आजच्या आज कामाला येईल.

देवळाली_आई
मुलगा एक टीबी एनव्हीएमईच हवी म्हणून मागे लागलाय. आमचा पीसी चौथ्या पिढीच्या आय ५ चा आहे. घेऊन देऊ का?

इंदिरानगर_रिपेअर
ताई, त्या पिढीच्या एच८१ सारख्या बोर्डवर एम.२ चा, म्हणजे एनव्हीएमई बसते तो, स्लॉटच नसतो, आणलेली परत द्यावी लागेल. अडीच इंची साटा एसएसडी घ्या, ५०० जीबी पुरे, टीएलसी आहे का आणि वॉरंटी किती वर्षं ते बिलाआधी विचारा. जुनी हार्डडिस्क काढू नका, फोटो आणि जुने गेम तिच्यावर राहू द्या.

सिडको_मिडटॉवर
आणि ताई, मुलाला सांगा की सगळे गेम हलवायचे नाहीत, चालू असलेला एकच.

गोदाकाठ_गेमर
चालू असलेले दोन तरी हलवू द्या त्याला, ५०० जीबीत आरामात बसतात.